पडद्यावरचा एव्हरेस्ट: पूर्वपक्ष आणि उत्तरपक्ष

एव्हरेस्टच्या माथ्यावर माणसाचे पाऊल पडले ते २९ मे १९५३ रोजी. चित्रपटाचा कॅमेरा मात्र त्याच्या एकतीस वर्षे आधीच या पर्वताच्या अंगाखांद्यावर जाऊन आला होता. १९२२ च्या ब्रिटिश मोहिमेबरोबर गेलेल्या कॅप्टन जॉन नोएल यांचे चित्रीकरण ‘क्लाइंबिंग माउंट एव्हरेस्ट’ या नावाने इंग्लंडमध्ये दाखवले गेले. दोन वर्षांनी ज्या मोहिमेत जॉर्ज मॅलरी आणि अँड्र्यू अर्व्हिन नाहीसे झाले, तिच्यावरचा ‘द एपिक ऑफ एव्हरेस्ट’ हा मूकपटही नोएल यांचाच. पुढच्या शंभर वर्षांत या शिखरावर अनेक चित्रपट निघाले; पण कॅमेरा आणि पर्वत यांच्या नात्यातले बहुतेक प्रश्न या एका मूकपटाने आधीच उभे करून ठेवले होते. त्यांतला मूळ प्रश्न असा: कॅमेरा पर्वताचे सौंदर्य आणि सामर्थ्य आहे तसे पोहोचवतो, की आपल्या सोयीचा निराळाच पर्वत रचतो? जुन्या शास्त्रग्रंथांच्या रीतीने हा वाद येथे दोन पक्षांच्या तोंडून मांडला आहे. पूर्वपक्ष कॅमेऱ्याच्या बाजूचा, उत्तरपक्ष आक्षेप घेणारा.

पूर्वपक्ष: नोएल यांच्या चित्रपटातल्या एका प्रकारच्या दृश्यापासूनच सुरुवात करू. पडदाभर बर्फाची भिंत आणि तिच्यावर काही काळे ठिपके. बराच वेळ काहीच घडत नाही. मग लक्षात येतं की ठिपके सरकताहेत, म्हणजे ती माणसं आहेत, आणि त्याच क्षणी भिंतीची उंची अंगावर येते. आठ हजार आठशे मीटर हा आकडा शाळेतल्या पोरालाही पाठ असतो. त्यानं कुणाच्या छातीत धस्स होत नाही. त्यासाठी तो ठिपका लागतो.

उत्तरपक्ष: धस्स होतं हे मान्य. पण ते कशानं होतं तेही बघा. नोएल यांनी न्यूमन-सिंक्लेअर कॅमेऱ्याला वीस इंची टेलिफोटो भिंग लावलं होतं आणि बावीस हजार फुटांवरच्या एका टेकाडावरून ते काही मैल दूर असलेल्या चढणाऱ्यांवर रोखलं होतं. अशा भिंगातून पाहिलं की मधली अंतरं एकमेकांवर दाबली जातात. मागचा कडा पुढे सरकतो, माणूस त्याला चिकटून बसतो. मधली दरी, मधली हवा, मधली पायपीट, सगळं गायब. तुमच्या छातीत धस्स करणारी ती भिंत तिथे उभ्या असलेल्या एकाही माणसाला तशी दिसली नव्हती.

पूर्वपक्ष: तिथे उभ्या असलेल्या माणसाच्या डोळ्यांचा तरी काय भरवसा? पायथ्यापासून वर पाहिलं की माथ्याकडचा भाग आखडून जातो. विरळ, कोरड्या हवेत धूसरपणा नसल्यामुळे लांबचं शिखर हाताशी आल्यासारखं वाटतं. डोळा तिथे पदोपदी फसतो. व्हित्तोरियो सेल्ला या इटालियन छायाचित्रकाराला हे नेमकं ठाऊक होतं. तो पायथ्याशी कॅमेरा मांडून बसला नाही. समोरच्या धारेवर जमेल तितकं वर चढायचं आणि तिथून मोठ्या निगेटिव्हवर चित्र घ्यायचं, ही त्याची रीत. १८९९ मध्ये कांचनजंगेच्या प्रदक्षिणेत त्यानं टिपलेलं सिनिओल्चू पाहा, किंवा १९०९ चं केटू. धारा, घळी, हिमनद्यांचे पाट, सगळं जिथल्या तिथं. नंतरचे गिर्यारोहक वाट ठरवायला त्याची चित्रं उलगडून बसत. खोट्या चित्रावरून वाट सापडत नसते.

उत्तरपक्ष: आकार खरा असेल. उजेड खरा होता का?

येथे थोडा तांत्रिक तपशील द्यायला हवा, कारण दोन्ही पक्षांचे बरेचसे म्हणणे त्याच्यावर टेकलेले आहे. त्या काळच्या बहुतेक फिल्मवरचा रासायनिक थर निळ्या प्रकाशाला चटकन दाद देई, तांबड्याला जवळजवळ मुळीच नाही. उंचावर आकाश गडद निळे असते आणि अतिनील किरणेही जास्त असतात. त्यामुळे छापलेल्या चित्रात आकाश जळून पांढरे होई. बर्फ तर पांढराच. शिखराची कड आणि तिच्यामागचे ढग दोन्ही हरवत. यावर उपाय म्हणजे भिंगापुढे पिवळी काच धरणे. ती निळा प्रकाश अडवते, आकाश करडे होते आणि बर्फ उठून दिसतो. तांबड्या रंगालाही दाद देणारे पॅनक्रोमॅटिक साहित्य मिळू लागल्यावर पिवळ्याच्या जागी तांबडी काच लावता आली आणि आकाश थेट काळे करता आले. १९२७ साली कॅलिफोर्नियातील योसेमिटी येथे अँसेल ॲडम्स यांनी हाफ डोमच्या कड्याचे जे प्रसिद्ध छायाचित्र घेतले ते असेच झाले. आधी त्यांनी पिवळ्या काचेतून एक प्लेट उघडली. ती मनासारखी उतरणार नाही असे वाटल्याने उरलेल्या शेवटच्या प्लेटवर गडद तांबड्या काचेतून दुसरे चित्र घेतले. दिवसाचे आकाश त्यात रात्रीसारखे दिसते.

थंडीचा त्रास वेगळाच. उणे तापमानात वंगण घट्ट होऊन यंत्र अडते आणि फिल्म ठिसूळ होऊन तुटते. कोरड्या हवेत फिल्म घासत पुढे सरकते तेव्हा स्थिर विजेच्या ठिणग्या उडतात आणि चित्रावर फांद्या फुटल्यासारखे डाग उमटतात. १९२२ साली नोएल यांनी फिल्म तळछावणीतल्या तंबूतच धुतली. ती वाळवायला याकच्या शेणाच्या गोवऱ्या जाळाव्या लागल्या. १९२४ साली त्यांनी दार्जिलिंगमध्ये प्रयोगशाळा थाटली आणि चित्रित केलेली रिळे तिबेटच्या पठारावरून तिकडे धाडण्याची व्यवस्था केली.

उत्तरपक्ष: म्हणजे आकाशाचा रंग काचेनं ठरवला. आणि ‘एपिक’च्या प्रतीत बर्फावर जे निळे आणि गुलाबी रंग चढतात, ते तर रंगाच्या पाण्यात बुडवलेल्या फिल्मचे. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटनं २०१३ मध्ये चित्रपटाची दुरुस्ती केली तेव्हा मूळ प्रतींवरून तेही रंग पुन्हा चढवले. ढगांच्या सावल्या डोंगरावरून भराभर धावतात, त्या काळ आवळून घेतलेल्या चित्रीकरणामुळे. तुम्ही ज्याला पर्वताचं सामर्थ्य म्हणता, त्याचा निम्मा हिस्सा रसायनाचा आणि गतीचा आहे.

पूर्वपक्ष: असू दे. लपवलं कुणी? ॲडम्स यांनी त्या तांबड्या काचेची हकिगत स्वतःच पुन्हा पुन्हा सांगितली. जे दिसलं ते नव्हे, जे जाणवलं ते प्लेटवर यायला हवं होतं, एवढंच त्यांचं म्हणणं. त्याच माणसानं १९३६ साली सिएरा नेवाडाची छायाचित्रं घेऊन वॉशिंग्टन गाठलं आणि लोकप्रतिनिधींना गळ घातली. १९४० मध्ये किंग्ज कॅन्यन राष्ट्रीय उद्यान झालं, त्यात त्या चित्रांचा वाटा होता. काळं आकाश खोटं म्हणा. उद्यान खरं आहे.

उत्तरपक्ष: चित्रात ताकद आहे हे आम्ही नाकारलंच नव्हतं. ती कुणाच्या कामी येते, हा प्रश्न आहे. जर्मनीत नोएल यांच्याच दशकात पर्वतपटांची लाट आली. आर्नोल्ड फांक मूळचे भूगर्भशास्त्रज्ञ. त्यांचे ‘द होली माउंटन’ आणि ‘द व्हाइट हेल ऑफ पिट्झ पालू’ हे चित्रपट खऱ्या कड्यांवर, खऱ्या हिमवादळांत चित्रित झाले. त्यांची नायिका लेनी रीफेनश्टाल. तिनं १९३२ मध्ये ‘द ब्लू लाइट’ हा स्वतःचा पर्वतपट केला आणि तीनच वर्षांनी हिटलरच्या न्यूरेंबर्ग मेळाव्यावरचा ‘ट्रायम्फ ऑफ द विल’. तो चित्रपट सुरू होतो तोच ढगांतून. चित्रपट-अभ्यासक झिगफ्रीड क्राकाउअर यांनी १९४७ च्या ग्रंथात दाखवून दिलं की शिखरापुढे नतमस्तक होणं, त्यागाची नशा, आंधळं धाडस हे सगळं नाझी मनोवृत्तीशी मिळतंजुळतं होतं.

पूर्वपक्ष: ढगांचा काय गुन्हा? ‘पालू’चे सहदिग्दर्शक होते गेओर्ग पाब्स्ट, आणि ते डाव्या विचारांचे म्हणून ओळखले जात. ‘द ब्लू लाइट’च्या पटकथेत बेला बलाझ्स या हंगेरियन लेखकाचा हात होता. तो मार्क्सवादी, शिवाय ज्यू. नाझी राजवटीत चित्रपट पुन्हा लावताना त्याचं नाव श्रेयनामावलीतून काढून टाकलं गेलं. पर्वतपट जात्याच नाझी असता तर ही खाडाखोड कशाला करावी लागली असती?

या टप्प्यावर पूर्वपक्षाचे पारडे जड आहे. क्राकाउअर यांचे विवेचन १९३३ नंतर काय झाले हे माहीत असताना मागे वळून केलेले आहे, आणि मागे वळून पाहिले की सगळ्या वाटा एकाच ठिकाणी येऊन मिळाल्यासारख्या दिसतात. तरीही त्यांच्या म्हणण्यातला एक भाग टिकून राहतो. ज्या पर्वतदृश्यातून गाव, गुरे, वाटाडे, ओझी वाहणारे असे सगळे काढून टाकलेले असते, त्या मोकळ्या जागेत कोणताही विचार आणून बसवता येतो. उत्तरपक्षाचा पुढचा आणि अधिक भक्कम आक्षेप येथूनच सुरू होतो.

उत्तरपक्ष: मग तुमच्या ठिपक्यांकडेच परत या. त्यांतले बरेचसे शेर्पा आणि भोटिया भारवाहक आहेत. १९२२ च्या मोहिमेत ७ जूनला नॉर्थ कोल या खिंडीच्या उतारावर हिमस्खलन झालं आणि सात भारवाहक मेले. मोहिमेचे साहेब सगळे वाचले. नोएल यांचा कॅमेरा, त्याची तिकटी, फिल्मचे डबे वर कुणी नेले? पडद्यावर मॅलरीला नाव आहे, अर्व्हिनला नाव आहे; ठिपक्याला नाव नाही. पर्वत मोठा दिसावा म्हणून माणूस लहान करायचा, आणि लहान करायला नेमका तोच निवडायचा ज्याच्या पाठीवर तुमचा कॅमेरा आहे!

पूर्वपक्ष: आरोप रास्त आहे, पण मोहिमेच्या अहवालांनीही कुठे त्यांना मोठी जागा दिली? निदान चित्रपटात ते दिसतात तरी. शिवाय एक गोष्ट तुम्हाला मान्य करावी लागेल. त्याच चित्रपटाच्या शेवटाकडे नोएल यांचं भिंग साहेबांनाही ठिपकाच करून टाकतं. मॅलरी आणि अर्व्हिन परतले नाहीत. मोहिमेतले त्यांचे सहकारी नोएल ओडेल त्यांना शोधायला वर गेले. खाली असलेल्यांना काय झालं ते कळवायला ओरडून उपयोग नव्हता, म्हणून नॉर्थ कोलवरच्या छावणीतून बर्फावर सहा घोंगड्या क्रॉसच्या आकारात पसरण्यात आल्या. त्याचा ठरलेला अर्थ, आशा संपली. कॅमेऱ्यानं तो क्रॉस टिपला. ना सूर्यास्त, ना शिखर. पांढऱ्यावर काळी खूण. या चित्रपटातलं सर्वांत जबरदस्त दृश्य हेच आहे, आणि त्यात सौंदर्य म्हणावं असं काही नाही.

उत्तरपक्ष: आणि जे घडलं ते कॅमेऱ्याला दिसलंच नाही, हे का सांगत नाही? ८ जूनला नोएल भिंग रोखून वाट पाहत होते. वर ढग आले. त्या दोघांना शेवटचं पाहिलं ते ओडेल यांनी, दुपारी पाऊणच्या सुमारास, ढग क्षणभर फाटले तेव्हा, आणि तेही नुसत्या डोळ्यांनी. मॅलरीजवळ असलेला छोटा कोडॅक कॅमेरा १९९९ साली त्याचा मृतदेह सापडला तेव्हा मिळाला नाही. आजवर मिळालेला नाही. एव्हरेस्टच्या इतिहासातलं सर्वांत मोलाचं चित्र एकतर घेतलंच गेलं नाही, किंवा बर्फात पडून आहे.

याच चित्रपटाने पुढे जे केले, त्यावरून पर्वतचित्राचे सामर्थ्य किती दूरवर पोहोचते ते कळते. १९२४ च्या मोहिमेच्या छायाचित्रणाचे आणि चित्रपटाचे सगळे हक्क नोएल यांनी आठ हजार पौंडांना घेतले होते आणि त्या रकमेवर मोहिमेचा मोठा खर्च भागला होता. ते पैसे वसूल व्हायचे तर चित्रपट चालायला हवा होता. शिखर तर हाती आले नव्हते आणि दोन गिर्यारोहक गमावले होते. नुसत्या बर्फावर लंडनचा प्रेक्षक किती दिवस येणार? म्हणून ग्यांत्सेहून सात बौद्ध भिक्षू इंग्लंडला आणले गेले. डिसेंबर १९२४ मध्ये स्काला थिएटरात चित्रपटाआधी ते रंगमंचावर वाद्ये वाजवीत आणि धार्मिक नृत्य करीत. वृत्तपत्रांत त्यांची छायाचित्रे झळकली.

ल्हासाच्या सरकारला हे मुळीच रुचले नाही. भिक्षूंना देशाबाहेर नेताना रीतसर परवानगी घेतलेली नव्हती, आणि धर्मविधीचा तमाशा झाला होता. चित्रपटातल्या एका दृश्यानेही संताप वाढवला: एक तिबेटी माणूस मुलाच्या डोक्यातल्या उवा काढून खाताना त्यात दिसतो. मजकुराच्या पाट्यांवर तिबेटी लोकांच्या न धुतलेल्या अंगांची थट्टा आहे ती वेगळीच. सिक्कीममधले ब्रिटिश राजकीय अधिकारी फ्रेडरिक बेली यांच्यामार्फत निषेध पोहोचला. बेली स्वतःच या मोहिमांबद्दल फारसे अनुकूल नव्हते आणि त्यांनी प्रकरण निवू दिले नाही, असे काही अभ्यासक म्हणतात. मोहिमेतल्या एका सदस्याने परवानगीबाहेरच्या मुलखात केलेली भटकंती हेही तक्रारीचे एक कारण होते. पण गाजले ते ‘नाचणाऱ्या लामांचे प्रकरण’ या नावानेच. परिणाम असा की पुढची परवानगी नाकारण्यात आली आणि त्यानंतरची ब्रिटिश मोहीम एव्हरेस्टकडे निघाली ती थेट १९३३ साली. ज्या पर्वताचे गुणगान करण्यासाठी चित्रपट काढला, त्याच पर्वताची वाट त्या चित्रपटाच्या प्रदर्शनाने आठ-नऊ वर्षे बंद केली.

पूर्वपक्ष: दोष चित्रपट विकणाऱ्यांचा, चित्रांचा नव्हे. तिबेटमधलं फारी गाव आणि तिथल्या बाजारांची, माणसांची, पेहरावांची ती दृश्यं तिबेटच्या जीवनाच्या सर्वांत जुन्या चलत्‌चित्रांपैकी आहेत. पाट्या काढून पाहा. उरतो तो ऐवज आहे.

उत्तरपक्ष: पाट्या काढल्या तर पर्वताला स्वतःची इच्छा असून त्यानं माणसांना परतवून लावलं, ही तुमच्या चित्रपटातली आवडती कल्पनाही जाईल. ती चित्रांत कुठेच नाही. ती फक्त मजकुरात आहे.

पूर्वपक्षाला याचे उत्तर देता आलेले नाही, आणि ते देण्यासारखे नाहीही.

पुढचा इतिहास थोडक्यात सांगता येतो. १९३३ मध्ये पूर्णियाहून विमाने एव्हरेस्टवरून उडाली. पहिल्याच उड्डाणात छायाचित्रक सिडनी बॉनेट यांची प्राणवायूची नळी फुटली आणि ते बेशुद्ध पडले. त्या चित्रीकरणावरून झालेल्या ‘विंग्ज ओव्हर एव्हरेस्ट’ला ऑस्कर मिळाले. १९५३ च्या यशस्वी चढाईवर ‘द कॉन्क्वेस्ट ऑफ एव्हरेस्ट’ निघाला, पण माथ्यावर चलत्‌चित्राचा कॅमेरा नव्हता. तिथले जे चित्र जगाने पाहिले ते माथ्यावर पोहोचलेल्या दोघांपैकी हिलरी यांनी घेतलेले तेनसिंग यांचे छायाचित्र. हिलरी यांचे माथ्यावरचे छायाचित्र नाहीच. पर्वतावरच्या चित्रांत एरवी ठिपका होऊन राहणारा माणूस यावेळी चौकटीच्या मध्यभागी आला आणि कॅमेरा साहेबाच्या हातात राहिला. उत्तरपक्षाच्या युक्तिवादाला छेद देणारे याहून चांगले चित्र सापडणार नाही.

१९९६ च्या मे महिन्यात डेव्हिड ब्रिशर्स यांनी आयमॅक्सचा कॅमेरा माथ्यावर नेला. त्याचे वजन मुद्दाम कमी करूनही ते वीस किलोच्या आसपास होते आणि एका रिळात जेमतेम नव्वद सेकंदांचे चित्रीकरण मावे. तो वर पोहोचला शेर्पांच्या बळावर. त्या चित्रीकरणातून १९९८ मध्ये निघालेल्या आयमॅक्स चित्रपटात तेनसिंग यांचे पुत्र जामलिंग हे प्रमुख व्यक्तींपैकी एक आहेत. जेनिफर पीडम यांच्या ‘शेर्पा’ (२०१५) या चित्रपटात बाजू पूर्ण पालटते. चढाईचा हंगाम शेर्पांच्या नजरेतून टिपण्यासाठी त्या गेल्या होत्या. १८ एप्रिल २०१४ रोजी खुंबूच्या हिमप्रपातावर बर्फाचा कडा कोसळून सोळा नेपाळी कामगार मेले आणि चित्रपट त्यांच्या मृत्यूचा व त्यानंतरच्या संपाचा झाला. त्यातही पर्वत सुंदर दिसतो. मात्र ते सौंदर्य पाहताना कोण कितीदा त्या बर्फातून ओझे घेऊन जातो हे प्रेक्षकाला माहीत असते.

पूर्वपक्ष: मग सौंदर्य आणि सचोटी एकत्र नांदू शकतात, हे ठरलं की नाही?

उत्तरपक्ष: नांदू शकतात. आपोआप नांदत नाहीत. कॅमेरा कुठे उभा होता, भिंग कोणतं होतं, ओझं कुणी वाहिलं, हे कळलं तर तुमच्या चित्रावर आमचा आक्षेप नाही.

एवढ्यावर दोन्ही पक्ष जुळतात, आणि जुन्या चित्रांचा आजचा उपयोग याच अटीवर उभा आहे. चित्र कोठून घेतले हे नेमके ठाऊक असेल तर त्याच जागी पुन्हा उभे राहून दुसरे चित्र घेता येते. आयमॅक्स चित्रपटानंतर काही वर्षांनी ब्रिशर्स यांनी हेच काम हाती घेतले. सेल्ला यांनी १८९९ साली जेथून हिमनद्या टिपल्या होत्या त्या जागा त्यांनी शोधून काढल्या. मॅलरी यांनी १९२१ च्या पहिल्या पाहणी मोहिमेत एव्हरेस्टच्या उत्तरेकडील रोंगबुक हिमनदीचे छायाचित्र जेथून घेतले होते तेथे २००७ मध्ये जाऊन पुन्हा कॅमेरा लावला. दोन्ही चित्रांत शिखर तेच आहे, धारा त्याच आहेत. खालचा बर्फ मात्र मधल्या काळात सुमारे शंभर मीटरने खचला आहे.